मूकपटातली हाक

पाचोरा, ता. ३ एप्रिल १९२७

आज इथं येऊन पोचलो. माणसानं नशीब काढावं तर असं. धुळ्यात चार वर्षं नाटक कंपन्यांचे पडदे रंगवले: राजवाडा, जंगल, रस्ता, आणि कंटाळा आला की पुन्हा राजवाडा. आता मी सिनेमाचा देखावे-मास्तर. चाळीसगावला गाडी बदलताना हमालानं विचारलं, ट्रंक एवढी जड कशी, काय आहे आत? म्हटलं, एक अख्खं घर आहे. तो माझ्याकडे वेड्याकडे बघावं तसा बघत राहिला. आत रंगाच्या पुड्या, सरस आणि ब्रश होते, म्हणजे मी खोटं काही बोललो नाही.

आमचे मालक पुखराज शेट माझ्याच वयाचे. वडिलांची जामनेर रस्त्याला सरकी काढायची जिनिंग आहे. कापसाचा हंगाम सरला, जिन आता दिवाळीपर्यंत बंद. तेवढ्या अवधीत मुंबईहून आणलेल्या कॅमेऱ्यानं एक चित्रपट काढून दाखव, नाहीतर गुमान गादीवर बस, असं वडिलांनी बजावलं आहे. शेट स्वतःच कॅमेऱ्याचा दांडा फिरवतात आणि स्वतःच नटांना ओरडतात. माणूस हौशी आहे. हौसेला मोल नाही म्हणतात, ते इथं पटतं.

राहायला जिनच्या आवारातच कामगारांच्या चाळीतली एक खोली मिळाली. कमलला आणि बनूला पुढच्या आठवड्यात आणणार.

ता. १० एप्रिल

घर उभं राहिलं. शेतकऱ्याचं माजघर, ओसरी, बाहेर गोठ्याचा कोपरा. छप्पर नाही, कारण आमचा दिवा म्हणजे सूर्य. वरून मांजरपाटाचं कापड ताणलं आहे, त्यातून ऊन गाळून आत येतं. भिंती बांबूच्या ताटीवर गोणपाट, त्यावर चिखल आणि कागदाचा लगदा. कॅमेऱ्याला रंगाची नजर वेगळीच असते. पांढरं त्याच्या डोळ्यात जातं, तांबडं त्याला काळं दिसतं. म्हणून भिंतीला फिकट पिवळा दिला आणि नटीचं पांढरं लुगडं चहाच्या पाण्यात बुचकळून काढलं. झुलाल मिस्त्रीशी दाराच्या उंचीवरून कडाक्याचं भांडलो. तो म्हणतो, शेतकऱ्याचं दार बुटकं असतं. मी म्हणतो, असेल, पण नटाचं डोकं कापलं जाऊन कसं चालेल? शेवटी त्याचंच खरं निघालं, पण मी तसं बोललो नाही.

कमल आणि बनू आल्या. बनू दीड वर्षाची, सगळं तोंडात घालते. कमलनं मी उभारलेल्या घरात शिरताना सवयीनं उंबऱ्याला हात लावून कपाळी नेला, मग मागच्या बाजूला जाऊन बांबू पाहिले आणि पदर तोंडाला लावून हसत सुटली. म्हणाली, तुमच्यासारखंच आहे, पुढून थाट आणि मागून काटक्या. मी चिडलो. मी लवकर चिडतो हे मला ठाऊक आहे, तिलाही ठाऊक आहे, आणि तरी ती बोलतेच.

ता. १६ एप्रिल

आज मोठा प्रसंग झाला. गोष्टीत विधवा आईचा एकुलता मुलगा जातो. देह जिथं ठेवला होता तिथं ती रीतीप्रमाणे पीठ पसरते, जवळ दिवा लावते, त्याला नावानं हाक मारते आणि पिठावर टोपलं पालथं घालते. दुसऱ्या दिवशी टोपलं उचललं की पिठात जे पाऊल उमटलं असेल त्या जन्माला तो गेला असं समजायचं. मग तिनं त्याला म्हणायचं, आता जा. आमच्या गोष्टीत वासराचा खूर उमटतो. तो झुलालनं लाकडात कोरून ठेवला आहे, उद्या सकाळी गुपचूप दाबायचा.

शेट म्हणाले, खडूची पूड चालेल. मी हटून बसलो. खडू कॅमेऱ्यात झळकतो. ज्वारीचं पीठच पाहिजे, दिवा खऱ्या तेलाचाच पाहिजे, आणि मांडणी आमच्या आजीनं आजोबांच्या वेळी केली होती तशीच. कमलनं जात्यावर दळून दिलं. मांडलं तेव्हा मला माझ्या कामाचा मोठा अभिमान वाटला.

आईचं काम करणाऱ्या भागाबाई इकडच्याच, पूर्वी तमाशात गाणाऱ्या. बाई रडायला पक्क्या, पण मुलाचं गोष्टीतलं नाव काही केल्या त्यांच्या जिभेवर येईना. ढगांचा भरवसा नाही, ऊन आहे तोवर उरकायचं. शेट दांडा फिरवताफिरवता ओरडले, कोणाचंही नाव घ्या, मूकपट आहे, कोणाला ऐकू जाणार आहे? मी कॅमेऱ्याच्या कडेला उन्हाची तिरीप पाडायला चंदेरी कागदाची फळी धरून उभा होतो. बाईंची नजर माझ्यावर पडली, आणि त्यांनी दोन्ही हात पसरून माझ्याच नावानं टाहो फोडला: जीवराम, ये रे मना राजा, घर तुनंच शे.

नंतर सगळे पोट धरून हसले. झुलाल मला स्वर्गवासी म्हणायला लागला. मीही हसलो.

ता. १७ एप्रिल

टोपलं उचललं. मी अजून खूर दाबलाच नव्हता, आणि पिठावर माणसाचं पाऊल. उजवं, अनवाणी, आत येणारं. टोपलं उचलून, पाऊल टाकून, पुन्हा टोपलं ठेवायचं म्हटलं तर कडेचं पीठ विस्कटायला हवं. ते विस्कटलेलं नव्हतं.

मी सगळ्यांवर आग पाखडली. मी मरमर मरायचं आणि लोकांनी आयत्या पिठावर रेघोट्या ओढायच्या. झुलालनं शपथ घेतली, मग वाकून पाहिलं आणि हळूच म्हणाला, हाऊ तं तुमनाच पाय शे, पेंटर. मला जोडा काढायला लावला. पाऊल शेजारी ठेवून पाहिलं. अंगठ्याजवळचं बोट अंगठ्याहून लांब, तेसुद्धा जुळलं.

शेटनी कपाळाला हात लावला. रीळ मोजकं, पुन्हा सगळं मांडायला वेळ नाही. म्हणाले, हा भाग गाळू, आई सरळ वासराकडेच धावेल. बाईंचं ‘आता जा’ राहूनच गेलं. पीठ मात्र पुढेमागे लागेल म्हणून तसंच ठेवायला सांगितलं.

ता. २१ एप्रिल

बॉयलरच्या अंधाऱ्या खोलीत शेट रीळ धुतात. आज वाळलेली पट्टी उजेडाला धरून मला दाखवली आणि तोंडाला येईल ते बोलले. म्हणाले, चौकटीत घुसायला तुम्ही काय नायक आहात का?

पट्टीत भागाबाई हात पसरून रडत होत्या. त्यांच्यामागे, मी रंगवलेल्या माजघराच्या दारात, मी उभा होतो. सदरा हाच. तोंड कॅमेऱ्याकडे.

मी कॅमेऱ्याच्या बाजूला होतो. फळी माझ्या हातात होती. फळीची तिरीपही त्याच पट्टीत बाईंच्या गालावर दिसते आहे. हे मी शेटना सांगितलं. त्यांनी तिरीप पाहिली, मला पाहिलं, पट्टी गुंडाळली आणि उन्हानं डोकं फिरतं म्हणाले. दार मागून बंद आहे, तिथं उभं राहायला जागाच नाही. तिथं नुसती ताटी आहे.

ता. २४ एप्रिल

दुपारी काम सुटल्यावर घरी गेलो, पान वाढ म्हटलं. कमल म्हणाली, मघाशीच तर जेवलात. मला वाटलं, थट्टा. ती म्हणाली, दोन भाकरी, कांदा, ठेचा. बनूला मांडीवर घेऊन भरवलीत. आणि आज ठेच्याला नावंसुद्धा ठेवली नाहीत.

मी ओरडलो. बनू रडायला लागली. कमलचा चेहरा उतरला. ती इतकंच म्हणाली, मघाशी तुम्ही किती शांत होता, आता काय झालं?

बाहेर आलो तर झुलाल. म्हणाला, आत्ताच तुम्ही चाळीकडून घराच्या सेटकडे गेलात, हाक मारली तर वळलासुद्धा नाहीत.

मी सेटवर गेलो. पिठावर आता पुष्कळ पावलं आहेत. आत येणारी आणि बाहेर जाणारी. ओसरीवर पांढरट ठसे, आवारात फुफाट्यातही थोडे. चाळीच्या दिशेनं.

मला भीती वाटते. लिहून टाकलं की हलकं वाटेल असं वाटलं होतं.

ता. २७ एप्रिल

धुळ्याला निघून जायचं ठरवलं. ट्रंक भरली. सकाळी बनूच्या अंगावर पुरळ, अंग चुलीसारखं तापलेलं. गोवर. गोवरातलं पोर या उन्हात गाडीत घालायचं म्हणजे हातानं मारायचं. कमलनं दाराला कडुलिंबाचा टाहाळा बांधला. नऊ दिवस हलायचं नाही म्हणते. हलता येणारही नाही.

कमलला आता पटलं आहे. काल दुपारी तो बनूजवळ बसून वारा घालत होता. तिनं सहज खिडकीतून पाहिलं तर आवाराच्या पलीकडे मी फळी धरून उन्हात उभा. तिनं मागं वळून पाहिलं. तो तिच्याकडे पाहून हसला. ओरडली नाही, बनू त्याच्या हाताशी होती म्हणून.

तो बनूला काही करत नाही. तिला थोपटतो. ती त्याच्याजवळ लगेच झोपते, माझ्याजवळ किरकिरते. कमल हे सांगत नव्हती, मी खोदून विचारलं.

तिला मी म्हटलं, दार लावून घे. ती म्हणाली, लावलेलं असतं. तो तुमच्या आवाजात हाक मारतो, मी उघडते. दर वेळी वाटतं, तुम्हीच असाल तर?

ता. २९ एप्रिल

भागाबाईंना सगळं सांगितलं. त्यांना घाम फुटला. म्हणाल्या, बठ्ठं खरं करं रे भाऊ तुम्ही, मरेल मानूस तेवढा नव्हता. पीठ खरं, दिवा खरा, हाक मी पोटातून मारलेली, फक्त कोणी मेलेलं नव्हतं. बोलावल्यावर कोणीतरी यायचंच. ज्या नावानं बोलावलं ते नाव घेऊन आला. घर तुझंच म्हटलं, म्हणून घर शोधत गेला. आणि जा म्हणायचं ते आपण गाळलं.

बाई माझ्यासाठी सेटवर गेल्या. पिठापुढे उभ्या राहून तीनदा जा म्हणाल्या. बाहेर आल्या तेव्हा दातखीळ बसायची बाकी होती. म्हणाल्या, मी तुनी माय नही, मनं तो ऐकाव नही. घरच्या माणसानं सांगायला हवं. आपल्या उंबऱ्यात उभं राहून, तोंडावर, तीनदा: तू आमचा नाहीस, जा. मधे थांबायचं नाही.

संध्याकाळच्या गाडीनं बाई निघून गेल्या. शेट मला शिव्या देतात. मी पीठ झाडून टाकलं. दिवेलागणीला पुन्हा होतं. पसरलेलं, सारखं केलेलं, माझ्यासारख्याच सफाईनं.

ता. १ मे

बनूचा ताप उतरत नाही. अंगठा चोखायचीही ताकद नाही.

तो आता दिवसातून दोनदा येतो.

आज आरशात दाढी करताना मला कमल मागून पाहत होती. काय बघतेस विचारलं. म्हणाली, काही नाही. पण ती मला पारखत होती. लग्नाच्या बायकोनं आपल्याला पारखावं — मी वस्तरा खाली ठेवला. दाढी अर्धीच राहिली.

ता. २ मे

ठरलं. चाळीच्या ओसरीवर बसून कमलला सगळं नीट समजावलं. उद्या दुपारी मी घरी येणार नाही. काही झालं तरी येणार नाही. सेटवर बसून राहीन. दुपारी जो दाराशी येईल तो मी नव्हे. उंबऱ्यात उभं राहायचं, तीनदा म्हणायचं. तो माझ्या आवाजात बोलेल. हात जोडेल. रडेल. बनूचं नाव घेईल. दया करायची नाही, थांबायचं नाही. थांबलीस तर बनू गेली.

ती म्हणाली, तुमच्या तोंडाकडे बघून मला असं म्हणवेल का? मी तिला शपथ घातली, बनूची. तिनं मान हलवली.

मग तिचा हात धरला. इतकी वर्षं मी तिच्यावर खेकसलो. म्हटलं, हे संपलं की नाही खेकसणार. ती म्हणाली, खेकसा हो, खुशाल खेकसा, मला तेच पाहिजे.

आमच्या मागं भिंतीशी कोणी होतं का? पाहिलं. कोणी नव्हतं.

ता. ३ मे, दुपार

सेटवर बसलो आहे. वही गुडघ्यावर. ऊन मांजरपाटातून पाझरतं आहे. जिनचे पत्रे तडतडतात, बाकी आवाज नाही.

पिठाकडे पाहत होतो. डोळ्यांदेखत — डोळे मिटले नव्हते, देवाशपथ — एक पाऊल उमटलं. मग दुसरं. बाहेर जाणारी. ओसरी. फुफाटा. गेला.

आता कमल उंबऱ्यात येईल. म्हणेल. एकदा, दोनदा, तीनदा. किती वेळ लागतो असं म्हणायला?

काही ऐकू येत नाही.

अजून नाही.

परत येणारी पावलं नाहीत. गेला असेल. किंवा ती म्हणू शकली नसेल. किंवा तो आत —

बनू ओरडली. बनूच ती. मला ओळखू येते. रडली की ओरडली —

मी येणार नाही म्हटलं होतं.

जातो.

ता. ३ मे

दाराबाहेर. दार आतून लावलेलं. फटीतून कमल दिसते.

मी म्हटलं, कमल, मी आहे, उघड, बनूला काय झालं?

ती म्हणाली, तू आमचा नाहीस, जा.

‘तू’ म्हणाली. मला. आयुष्यात तिनं मला कधी —

मी हात जोडले. ती रडते आहे, पण बोलते. म्हणते, ते घरात आहेत. सकाळीच आले, तू घराबाहेर पडलास तसे. म्हणाले, बेत बदलला, मी आतच थांबतो, दुपारी तो येईल, घाबरलेला, बनूचं नाव घेत. अर्धी दाढी असलेला. मग मघाशी पिठावरून बाहेर गेली ती पावलं कोणाची?

म्हटलं, दाढी मी परवा तुझ्यादेखत — ती म्हणाली, त्यांनी आत बसून पुरी केली.

कमल चौथीपर्यंत शिकली आहे. हे तिच्यासाठी लिहितो. पान फाडून दाराखालून सरकवतो. अक्षर ओळख. लग्नाआधी तुला पत्र लिहिलं होतं तेच अक्षर. तो बोलेल, हसेल, अक्षर कुठून आणेल?

पान आत गेलं. तिनं उचललं. वाचते आहे. खूप वेळ वाचते आहे.

कोणीतरी तिच्या खांद्यावर हात ठेवला. माझा हात. नखात पिवळा रंग.

ती म्हणाली, तुम्ही म्हणालात तसंच, त्यानं लिहूनही दाखवलं. माझ्याशी नव्हे. आत. त्याच्याशी.

मग फटीशी आली. तू आमचा नाहीस, जा.

दोनदा झालं.

पाय — उंबऱ्यापुढचा फुफाटा, मी इतका वेळ इथं उभा, ठसा नाही. एकही नाही. दार ठोकतो, आवाज होत नाही —

बनू हसते आहे. खदखदून. इतक्या दिवसांनी. ताप उतरला वाटतं तिचा. बाबा म्हणते आहे. नीट म्हणते आहे, आधी तिला येत नव्हतं —

कमल, थांब. मीच तुला शपथ घातली, मीच ती मोडतो, थांब, एवढंच वाचून —

ती तोंड उघडते आहे. कमल, मी